शार्कचे दात आणि पेट्रोलची बॅरलं

शार्कचे दात रंगवलेलं ते विमान तुम्ही कुठे ना कुठे पाहिलेलं असणारच, टीशर्टवर, मॉडेल किटच्या खोक्यावर, नाहीतर पोरांच्या एखाद्या गेममध्ये. नाकाखाली लालभडक जबडा, पांढरे सुळे आणि वर एक बारीक चिडका डोळा. पी-४०, अमेरिकन लढाऊ विमान. फ्लाइंग टायगर्स. चीनला जपानपासून वाचवायला गेलेले अमेरिकन पायलट. गोष्ट भारी आहेच, त्यात वादच नाही. पण मी सहारला एअर कार्गोत अर्धं आयुष्य घालवलंय, लोड शीट, पॅलेट आणि रात्री तीन वाजता ऑफलोड झालेला माल यातच केस पांढरे झाले, त्यामुळे विमान बघितलं की माझ्या डोक्यात पहिला प्रश्न येतो तो हा की यात पेट्रोल कुणी भरलं आणि ते तिथे आलं कसं? या एका प्रश्नामागे लागलो आणि शार्कचे दात मागेच राहिले, हाती लागली ती आसाममधून चीनला गेलेली बॅरलं. लाखो बॅरलं.

आधी चीनची अवस्था. आपल्याकडे दुसरं महायुद्ध म्हटलं की १९३९, हिटलर, पोलंड. चीनमध्ये ते १९३७ च्या जुलैलाच सुरू झालेलं. शांघाय गेलं, नानजिंग गेलं आणि तिथे जे झालं ते इथे लिहवत नाही. सरकार आत आत सरकत चोंगचिंगला जाऊन बसलं, डोंगरातलं, नदीकाठचं, हिवाळाभर धुक्यात बुडालेलं शहर. धुकं उठलं की जपानी बॉम्बर यायचे. १९३९ च्या मे महिन्यात दोन दिवसांत तिथे पाच हजारांवर माणसं मेली. १९४१ च्या जूनमध्ये तर हवाई हल्ल्याच्या वेळी बोगद्यात शिरलेली माणसं गुदमरून आणि चेंगरून मेली, बॉम्बने नव्हे.

आणि एकेक दरवाजा बंद होत चाललेला. आपल्या सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस शाळेच्या पुस्तकातून सगळ्यांना माहीत आहेत, पण ते गेले कुठल्या वाटेने हे मी कधी बघितलंच नव्हतं. कोटणीस, नागपूरचे डॉ. चोळकर आणि बाकीचे तिघे असे पाच डॉक्टर १ सप्टेंबर १९३८ ला मुंबईहून बोटीने निघाले आणि त्याच महिन्यात दक्षिण चीनमधल्या ग्वांगझौला उतरले. ऑक्टोबरच्या एकवीस तारखेला ते ग्वांगझौ जपान्यांनी घेतलं. म्हणजे साधारण महिनाभर उशीर झाला असता तर ती वाटच नव्हती. पुढे समुद्रकिनारा सगळाच गेला, मग राहिला बर्मा रोड, बर्मातल्या लाशिओपासून चीनमधल्या कुनमिंगपर्यंत अकराशेहून जास्त किलोमीटर, दोनेक लाख माणसांनी, त्यात बायका पोरं म्हातारे सगळे, हाताने दगड फोडून केलेला. १९४० मध्ये जपानने डोळे वटारले म्हणून ब्रिटिशांनी तोसुद्धा तीन महिने बंद ठेवला. मित्र असावेत तर असे! १९४२ च्या मार्चमध्ये रंगून पडलं, एप्रिलच्या शेवटी लाशिओ पडलं आणि रस्ता तुटला. उरलं आभाळ.

त्या आभाळात पहिले अमेरिकन नव्हते बरं का. १९३७ पासून रशियन पायलट "स्वयंसेवक" या नावाखाली चीनसाठी लढत होते, १९३८ च्या फेब्रुवारीत ते थेट तैपेईच्या विमानतळावर बॉम्ब टाकून आले, दोनशेच्या वर रशियन तिथे मेले. टीशर्टवर ते कुठेच नाहीत. नंतर रशियाने जपानशी करार केला आणि ती मदत आटली.

मग आला शेनॉल्ट. क्लेअर शेनॉल्ट, अमेरिकन लष्कराच्या हवाई दलातून १९३७ मध्ये कॅप्टन म्हणून बाहेर पडलेला, कानाने कमी ऐकणारा, वरिष्ठांशी कायम खटके उडणारा माणूस. चीनचा नेता चँग कै-शेक, त्याच्या बायकोने, म्हणजे मादाम चँगने त्याला सल्लागार म्हणून बोलावलं. चार वर्षं तो जपानी विमानं कशी लढतात हे जमिनीवरून बघत राहिला, वह्या भरत राहिला. १९४१ मध्ये ब्रिटिशांच्या ऑर्डरमधली शंभर पी-४० विमानं चीनकडे वळवली गेली, त्यातलं एक चढउतारात बंदरातल्या पाण्यातच पडलं (हे वाचून मला हसूही आलं आणि पोटात गोळाही आला, कारण आमच्या धंद्यात असा फोन कधीही येऊ शकतो), राहिली नव्याण्णव. शंभरेक पायलट आणि दोनेकशे ग्राउंडचे लोक, कागदोपत्री एका विमान कंपनीचे नोकर, पासपोर्टवर भलतेच धंदे लिहिलेले. पायलटला महिन्याला सहाशे डॉलर आणि पाडलेल्या प्रत्येक जपानी विमानामागे पाचशे डॉलर बोनस. भाडोत्री म्हणा हवं तर, मला त्या शब्दाचं वाईट वाटत नाही. पगार घेऊन जीव धोक्यात घालणारा आणि फुकट घालणारा यांना गोळी सारखीच लागते.

शेनॉल्टची शिकवण सोपी होती. जपानी विमान हलकं, चपळ, गर्रकन वळतं, त्याच्याशी वळणावळणाचा खेळ खेळायचाच नाही. पी-४० जड आहे ना, मग ते जडपणच वापरा, वरून सूर मारा, गोळ्या झाडा आणि तसंच खाली निघून जा. पण माझ्या मते त्याची खरी करामत विमानात नव्हतीच, ती होती जमिनीवर पसरलेल्या माणसांच्या जाळ्यात. कुनमिंगच्या युनान प्रांतात आणि आसपास गावोगाव, डोंगराडोंगरावर चिनी माणसं फोन आणि वायरलेस घेऊन बसलेली, विमानाचा आवाज आला की खबर द्यायची, किती, कुठून, कुठे. रडार नव्हतंच. २० डिसेंबर १९४१ ला हनोईकडून दहा जपानी बॉम्बर कुनमिंगवर आले, सोबत एकही फायटर नाही, कारण तोवर तिथे त्यांना अडवणारंच कुणी नव्हतं. त्या दिवशी होतं. जबड्यावाली विमानं आधीच वर जाऊन थांबलेली, कारण कुणातरी शेतकऱ्याने फोन फिरवला होता.

या पायलटांच्या जॅकेटच्या पाठीवर आतून नाहीतर बाहेरून एक कापडाचा तुकडा शिवलेला असायचा. वर चीनचा झेंडा, खाली चिनी अक्षरं आणि लाल शिक्का. मजकूर असा की हा परदेशी माणूस चीनला युद्धात मदत करायला आलाय, सैनिक आणि नागरिक सगळ्यांनी मिळून याला वाचवावं. या कापडाचा फोटो मी कितीतरी वेळ बघत बसलो होतो. मदत करायला आलेला माणूस पाठीवर काय घेऊन फिरतोय, तर मला मदत करा अशी विनंती! आणि ज्याला विनंती केली तो कोण, तर ज्याचं घर जळालंय, ज्याला स्वतःलाच पोटभर मिळत नाहीये असा खेड्यातला माणूस.

ती विनंती त्यांनी ऐकली, आणि तिची किंमत काय दिली ते बघा. एप्रिल १९४२ मध्ये डूलिटल या अमेरिकन अधिकाऱ्याच्या सोळा बॉम्बरनी विमानवाहू जहाजावरून उडून टोकियोवर हल्ला केला. परत जहाजावर उतरणं शक्य नव्हतं, ठरलं होतं की पुढे चीनमध्ये उतरायचं, पेट्रोल भरायचं आणि निघायचं. एक विमान रशियात गेलं, बाकीची पंधरा रात्रीच्या पावसात चीनमध्ये कोसळली किंवा सोडून द्यावी लागली. बहुतेक पायलटांना चिनी गावकऱ्यांनी लपवलं, खायला घातलं, पाठीवर, पालखीत घालून पुढच्या गावात पोचवलं. मग जपानी सैन्य सूड घ्यायला झेजियांग आणि जिआंगशी प्रांतांत शिरलं. गावंच्या गावं. मेलेल्यांचा आकडा अडीच लाखांपर्यंत सांगितला जातो. ऐंशी वैमानिकांच्या मोबदल्यात.

आता गंमत बघा, गंमत कसली म्हणा. आसाममधून डोंगरावरून चीनला जे पहिलं विमान गेलं, ८ एप्रिल १९४२ च्या सुमाराला, त्यात होतं याच डूलिटलच्या विमानांसाठीचं पेट्रोल. आठ हजार गॅलन पोचवायचं होतं. ज्यांच्यासाठी ते जात होतं त्यातलं एकही विमान ते घ्यायला आलं नाही. पुढे साडेतीन वर्षं चाललेल्या त्या सगळ्या कारभाराची भवानी अशी झाली.

त्या कारभाराला सगळे "हम्प" म्हणायचे, म्हणजे उंटाच्या पाठीवरचं मदार. चाबुआ, दिनजान, मोहनबारी, सुकेरेटिंग, जोरहाट, तेजपूर ही आसाममधली विमानतळं, बरीचशी चहाच्या मळ्यांच्या जागेवर केलेली, आणि पलीकडे कुनमिंग, जे स्वतःच सुमारे एकोणीसशे मीटर उंचीवर. मध्ये आठशे किलोमीटर. मुंबईहून नागपूर साधारण तेवढंच, आज दीड तासात सँडविच खाऊन माणूस पोचतो. पण तिथे मध्ये पटकाईच्या रांगा, मग इरावती, सालवीन, मेकाँग यांच्या खोल दऱ्या आणि त्यांच्यामधली पंधरा हजार फुटांपर्यंत जाणारी डोंगरांची धार. मे ते ऑक्टोबर पावसाळा, तोही आसामचा. हिवाळ्यात ताशी दीडशे किलोमीटरच्या वरचे वारे. ढगात शिरलं की पंखांवर बर्फ. नकाशे अर्धेकच्चे, रेडिओ बीकन मोजके.

विमानं सुरुवातीला सी-४७, ज्यांना आपण डकोटा म्हणतो. आता माझ्या पेशाचा हिशेब. डकोटात त्या वाटेवर माल जाणार दोन, फार तर अडीच टन. पेट्रोलचं बॅरल सुमारे दोनशे लिटरचं, डब्यासकट पावणेदोनशे किलोच्या आसपास, म्हणजे बारा चौदा बॅरलं, साताठशे गॅलन. आणि विमानाची स्वतःची टाकी? सुमारे आठशे गॅलन. जाऊन येऊन त्यातलं बहुतेक संपणार. म्हणजे चीनला एक बॅरल द्यायला जवळपास एक बॅरल जाळायचं. चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला. आज असा कोटेशन घेऊन मी साहेबांकडे गेलो तर मला दारातूनच परत पाठवतील. पण तिथे दुसरं कोटेशनच नव्हतं. आणि त्या पोचलेल्या बॅरलवर शेनॉल्टची दातवाली विमानं उडणार, नाही पोचलं तर ती कितीही चिडकी दिसोत, जमिनीवरच.

नंतर मोठी सी-४६ आली. माल दुप्पट न्यायची, उंच जायची, पण घाईघाईत पाठवलेली, इंजिनात आणि हायड्रॉलिकमध्ये एक ना अनेक भानगडी, पेट्रोलच्या गळत्या. सी-८७ म्हणजे बॉम्बरचंच मालवाहू केलेलं रूप, पंखांवर बर्फ जमलं की तिचा भरवसा नाही. आणि यातल्या कुठल्याच विमानाला बंदूक नाही. १९४३ च्या ऑक्टोबरात उत्तर बर्मातल्या मिचीनाच्या बाजूने जपानी फायटर येऊन ही मालाची विमानं टिपायला लागले. शार्कचे दात इथे कामाला आले, पण सगळ्या वाटेवर पहारा ठेवायला तेवढी विमानं होतीच कुठे.

मी एकदा मित्राकडे लग्नाला डिब्रुगडला गेलो होतो. उतरलो तो विमानतळ मोहनबारी, तोच. त्या वेळी हे काही डोक्यात नव्हतं, डोक्यात होतं ते बॅग कधी येते. बाहेर पडून मळ्यांमधून जाताना एका घराचं कुंपण दिसलं, लोखंडी पट्ट्यांचं, पट्टीला ओळीने वाटीएवढी गोल भोकं. पुढे आणखी एक. मग एका ओढ्यावर साकव तसाच. मित्राला विचारलं तर तो म्हणाला, अरे तो रनवे आहे, लढाईतला, इकडे सगळ्यांकडे असतो. चिखलावर पट्ट्या एकमेकींत अडकवून विमानतळ करायचे, लढाई संपल्यावर लोकांनी उचलून घरी नेले. हात लावून बघितलं, गंज होता पण चांगली जाड, भोकाची कड आत दुमडलेली, पट्टी वाकू नये म्हणून. त्या कुंपणाच्या आतल्या बाजूला कोंबड्या.

ते विमानतळ बांधले कुणी हाही प्रश्न आहेच. मळ्यातले मजूर, बायकांसकट, डोक्यावर टोपल्या. पलीकडे चेंगडूला १९४४ मध्ये बी-२९ बॉम्बरसाठी धावपट्ट्या केल्या त्या लाखो चिनी शेतकऱ्यांनी, खडी हाताने फोडून आणि दगडाचा प्रचंड रोलर दोर लावून शेकडो माणसांनी ओढत. आणि माल आसामपर्यंत यायचा तो कसा? सुरुवातीला बंगालचा उपसागर धोक्याचा म्हणून अमेरिकेची जहाजं कराचीला आणि आपल्या मुंबईला लागायची. तिथून रेल्वेने अख्खा देश आडवा कापायचा, वाटेत ब्रॉडगेजचं मीटरगेज होणार म्हणजे सगळा माल उतरवून परत चढवा, मग अमीनगाव ते पांडू ब्रह्मपुत्रेवर पूलच नाही, फेरी. म्हणजे डोंगर लागायच्या आधीच अर्धा दम निघालेला. आणि इथे एक गोष्ट मला गिळता येत नाही ती सांगूनच टाकतो. साल १९४३. त्याच बंगालमधून या गाड्या जात होत्या आणि त्याच बंगालमध्ये तीस लाखांच्या आसपास माणसं उपासमारीने आणि रोगराईने मेली. दुष्काळाची कारणं बरीच, सगळं खापर पेट्रोलच्या वॅगनवर फोडणं बरोबर नाही. पण वॅगन कुणाला आधी मिळायची हे ठरलेलं होतं, आणि ते बंगालच्या माणसाला विचारून ठरलेलं नव्हतं.

टार्गेट ठरायचं वॉशिंग्टनमध्ये. उंटावरून शेळ्या हाकणं म्हणतात ते हेच. रूझवेल्टने चँगला कबूल केलं की जुलै १९४३ मध्ये सात हजार टन देऊ. पोचले साधारण निम्मे. मग टॉम हार्डिन नावाचा एअरलाइनमधला कडक माणूस आला, त्याने रात्रीची उड्डाणं सुरू केली, आणि यापुढे हम्पवर हवामान नावाची गोष्टच नाही अशा अर्थाचा हुकूम त्याच्या काळातला म्हणून सांगितला जातो. डिसेंबरमध्ये आकडा बारा हजार टनांच्या वर गेला, वरून शाबासकी आली. आणि डोंगरात विमानं पडत राहिली. पायलट म्हणायचे की ऊन असेल त्या दिवशी खाली चमकणारे तुकडे बघत बघत चीनला जाता येतं. पोरं वीस-बावीस वर्षांची, शाळेतून थेट आलेली, मोठ्या विमानाचा अनुभव जेमतेम. एकूण हिशेब धरला तर जवळपास सहाशे विमानं आणि तेराशेहून जास्त माणसं, मालाच्या वाहतुकीत.

जगले त्यांच्याही गोष्टी आहेत. २ ऑगस्ट १९४३ ला एका सी-४६ चं इंजिन गेलं, आत एकवीस जण, त्यात रेडिओचा बातमीदार एरिक सेव्हरिड, एक अमेरिकन मुत्सद्दी, काही चिनी अधिकारी. नागा टेकड्यांवर सगळ्यांनी उड्या मारल्या, को-पायलट तेवढा वाचला नाही. पांगशा गाव, त्या काळी शत्रूची डोकी कापून आणण्याबद्दल ब्रिटिशांच्या दप्तरात बदनाम झालेलं. गावकऱ्यांनी यांना खायला दिलं. वरून विमान आलं, त्याने सामान टाकलं, आणि मग डॉन फ्लिकिंजर नावाच्या लष्करी डॉक्टरने दोन सहायकांबरोबर स्वतः उडी मारली, खाली जखमी आहेत म्हणून, परत कसं यायचं याची काही सोय नसताना. मला या सगळ्या प्रकरणात सगळ्यात जवळचा वाटतो तो हा माणूस. पुढे मोकोकचुंगहून ॲडम्स नावाचा ब्रिटिश अधिकारी नागा लोकांना घेऊन पायी आला आणि सगळी वरात चालत डोंगर उतरून बाहेर पडली. त्या पाठीवरच्या कापडावरची चिनी अक्षरं इथे कुणाला वाचता येणार होती? तरी वाचले.

१९४४ च्या सप्टेंबरात विल्यम टनर आला आणि इथे माझ्यातला कार्गोवाला जागा होतो, कारण हा माणूस पायलट असला तरी मनाने आमच्यातला. मुलं त्याला "विली द व्हिप" म्हणायची. दाढी करा, युनिफॉर्म नीट घाला, बराकी साफ करा, याने सुरुवात. मच्छर मारायला विमानातून फवारणी. दुरुस्तीला त्याने कारखान्यासारखी लाइन लावली, विमान एका टप्प्यावरून पुढच्या टप्प्यावर सरकणार, प्रत्येक ठिकाणी ठरलेली टीम ठरलेलंच काम करणार. आणि एक बारीक गोष्ट त्याने पकडली जी मला फार आवडते. नियम होता की साडेसहाशे तास उडवले की घरी. मग पोरं काय करायची, चारेक महिन्यांत तास उरकायची, रोज उड, दमलेलं असतानाही उड, की झालं, सुटलो. दमलेला माणूस डोंगराला धडकतो. टनरने तास साडेसातशे केले आणि वर निदान वर्षभर राहायलाच लागेल असं ठरवलं. लोक चिडले असतीलच. पण घाई करायचं कारणच गेलं. अपघात घटत गेले, टनेज वाढत गेलं, दोन्ही एकदम, जे होऊच शकत नाही असं सगळे म्हणत होते. हाच टनर १९४८ मध्ये बर्लिनला तेच करायला गेला आणि तिथे मात्र त्याचं नाव झालं.

बॅरल कुणी घ्यायचं यावरून वर भांडणं होतीच. शेनॉल्ट म्हणायचा सगळं पेट्रोल मला द्या, थोड्याशा विमानांनी जपानला झोपवतो. तिथला अमेरिकन जनरल स्टिलवेल म्हणायचा विमानतळांचं रक्षण करायला धड पायदळ नसेल तर जपानी चालत येऊन ते घेतील, आधी चिनी सैन्य उभं करा, रस्ता करा. रूझवेल्टने शेनॉल्टचं ऐकलं. १९४४ मध्ये जपानी खरंच चालत आले, हेंगयांग, ग्विलिन, ल्यूझौ, एकामागून एक विमानतळ गेले. बोललं ते खरं झालं त्या स्टिलवेललाच मग त्या ऑक्टोबरात परत बोलावलं, चँगला तो नको झालेला. चँगचं सरकारही काही धुतल्या तांदळाचं नव्हतं, या विमानांतून खोक्यांच्या खोकी भरून छापलेल्या नोटा जायच्या आणि महागाई अशी की नोटेला किंमत नाही. सोनं, सिगारेटी, औषधं यांची चोरटी ने-आणही चालायची. कोटणीसांसारखे लोक उत्तरेत कम्युनिस्टांच्या भागात काम करत होते, तिकडे चँगची नाकेबंदी, त्यामुळे डोंगरावरून आलेला माल त्यांच्यापर्यंत जायचा प्रश्नच नव्हता. कोटणीस ९ डिसेंबर १९४२ ला गेले, बत्तिसाव्या वर्षी.

हे सगळं आमच्या ऑफिसात एका नाईट शिफ्टला सांगत होतो. एक जण म्हणाला, एवढं करून उपयोग काय, चार वर्षांत तिथे माओ आलाच ना. दुसरा म्हणाला, नाही रे, चीनने हात टेकले असते तर ती दहा लाख जपानी फौज मोकळी झाली असती, मग कुठे गेली असती विचार कर, इंफाळला आलीच होती की. दोघांचंही बरोबर आहे आणि मी त्यात पडलो नाही. तिसरा, आमच्यातला सगळ्यात जुना, चहा पीत ऐकत होता, तो एवढंच म्हणाला, रिटर्न लोड काय होतं?

कार्गोवाल्याचा प्रश्न. रिकामं विमान परत आणणं म्हणजे पाप. रिटर्न लोड होतं टंगस्टन, कथील, पारा, कच्चं रेशीम, चहा आणि डुकराचे केस. हो, डुकराचे राठ केस, गठ्ठे बांधून. रंगाचे चांगले ब्रश त्याचेच व्हायचे, आणि लढाईत जहाजांपासून रणगाड्यांपर्यंत सगळं रंगवायचं असतं, त्यामुळे अमेरिकेत तो माल लष्करी महत्त्वाचा धरलेला. सगळे हसले.

पण आणखी एक रिटर्न लोड होतं. चिनी सैनिक. १९४२ च्या ऑक्टोबरपासून रिकाम्या परतणाऱ्या विमानांत बसवून त्यांना आसामला आणायचे, तिथून बिहारमध्ये, आताच्या झारखंडातल्या रामगढला. सोळा सतरा हजार फुटांवर गरम न केलेल्या विमानाच्या फरशीवर बसून, कित्येकांनी तोवर विमान जवळून पाहिलेलंही नसणार. रामगढला पोटभर खायला मिळालं, लसी टोचल्या, बंदुका आणि तोफा शिकवल्या. मग हीच पलटण उत्तर बर्मात उतरली. १७ मे १९४४ ला अमेरिकन आणि चिनी तुकड्यांनी मिचीनाचा विमानतळ घेतला, ऑगस्टच्या सुरुवातीला शहर पडलं. तोच मिचीना, जिथून जपानी फायटर मालाच्या विमानांवर येत होते. तो गेल्यावर वैमानिकांना दक्षिणेकडची कमी उंचीची वाट मोकळी झाली, तिथून मोठी चार इंजिनांची सी-५४ नेता यायला लागली, जी उंच डोंगरांवरून पूर्ण मालानिशी जमणारी नव्हती. १९४५ च्या जुलैत एका महिन्यात ७१ हजार टन गेले. १ ऑगस्टला एका दिवसात अकराशेच्या वर फेऱ्या, एकही अपघात नाही.

म्हणजे चीनला वाचवायला निघालेल्या विमानांची वाट चिनी पोरांनीच मोकळी करून दिली, आणि ती पोरं आली होती डुकराच्या केसांच्या गठ्ठ्यांशेजारी बसून. आमच्या त्या जुन्या माणसाने कप ठेवला, म्हणाला, मग लोड फॅक्टर चांगला होता की, आणि चारच्या फ्लाइटचं मॅनिफेस्ट आलं का बघायला उठला.